गॅसच्या दराविरुद्ध कोर्टात जायचंय? आधी बिल फोडून बघा

मार्च २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं उसाच्या एफआरपीबाबत, म्हणजे कारखान्यानं शेतकऱ्याला द्यायच्या किमान दराबाबत, एक निकाल दिला. राज्य सरकारनं फेब्रुवारी २०२२ मध्ये शासन निर्णय काढून एफआरपी दोन हप्त्यांत देण्याची वाट मोकळी केली होती. शेतकरी नेते राजू शेट्टी यांनी त्याला आव्हान दिलं आणि न्यायालयानं तो शासन निर्णय रद्द केला. उसाला किती दर योग्य, साखरेला काय भाव मिळतो, कारखान्याला काय परवडतं, यावर न्यायालयानं आपला आकडा सांगितला नाही. केंद्राच्या ऊस नियंत्रण आदेशानं घालून दिलेली रीत राज्याला शासन निर्णय काढून बदलता येते का, एवढं पाहिलं.

पाइप गॅसच्या दराबद्दल विचारायला येणाऱ्यांना मी सुरुवातीला हीच गोष्ट सांगतो. ऊस घालणाऱ्या घरातल्या माणसाला ती लगेच कळते. दर जास्त आहे ही तक्रार आणि दर ठरवणाऱ्यानं कायदा मोडला ही तक्रार, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. न्यायालय पहिली ऐकून घेईल, पण निकाल देईल दुसरीवर. हा लेख नव्यानं या विषयात पडणाऱ्यांसाठी आहे: सोसायटीचा सेक्रेटरी, ग्राहक संघटनेचा कार्यकर्ता, कोल्हापूरजवळच्या शिरोली किंवा गोकुळ शिरगावमधला कारखानदार, किंवा सनद घेऊन वर्षभर झालेला वकील.

पहिली पायरी: बिल फोडा

विजेची सवय झालेल्या माणसाची इथं हमखास गफलत होते. विजेचा दर राज्य वीज नियामक आयोग ठरवतो, आधी जाहीर सुनावणी होते, मग घरगुती, व्यापारी, औद्योगिक, शेती असा तक्ता निघतो. त्यामुळे गॅसचंही तसंच असणार, असं आपण धरून चालतो. तसं नाही. गॅसच्या बिलावरचा एक आकडा वेगवेगळ्या ठिकाणी ठरलेल्या निदान चार आकड्यांची बेरीज असतो, आणि प्रत्येकाचा मालक वेगळा.

पहिला तुकडा खुद्द गॅसचा. ओएनजीसी आणि ऑइल इंडिया यांच्या जुन्या क्षेत्रांतून निघणाऱ्या गॅसचा भाव केंद्र सरकारच्या धोरणानं ठरतो. किरीट पारीख समितीच्या शिफारशींनंतर एप्रिल २०२३ मध्ये सूत्र बदललं: भारत ज्या भावानं कच्चं तेल घेतो त्याच्या सरासरीच्या १० टक्के, पण एका एमएमबीटीयूला (गॅसमधली उष्णता मोजण्याचं एकक) किमान ४ डॉलर आणि कमाल ६.५ डॉलर. ही कमाल मर्यादा दोन वर्षं तशीच ठेवून पुढं दरवर्षी पाव डॉलरनं वाढणार होती, त्याप्रमाणे एप्रिल २०२५ पासून ती ६.७५ झाली. भाव दर महिन्याला जाहीर होतो. हा स्वस्त गॅस घरगुती स्वयंपाक आणि सीएनजीसाठी आधी दिला जातो. तो कमी पडला की नव्या विहिरींचा किंवा आयात केलेला महाग गॅस मिसळावा लागतो. कोणीही नवा आदेश काढलेला नसताना बिल वाढतं, त्याचं एक मोठं कारण हे.

दुसरा तुकडा मुख्य वाहिनीच्या भाड्याचा. आपल्या जिल्ह्यातून दाभोळ-बेंगळुरू ही नैसर्गिक वायूची वाहिनी जाते. २०१३ मध्ये ती सुरू झाली. कोकणातून घाट चढून कोल्हापूर, पुढं बेळगाव आणि खाली बेंगळुरू. या वाहिनीतून गॅस वाहून आणण्याचं भाडं मात्र पेट्रोलियम आणि नैसर्गिक वायू नियामक मंडळ, म्हणजे पीएनजीआरबी, ठरवतं. १ एप्रिल २०२३ पासून देशातल्या जोडलेल्या वाहिन्यांसाठी एकसंध दराची पद्धत आली. तेव्हा सरासरी दर एमएमबीटीयूला ७३.९३ रुपये होता, आणि अंतरानुसार ३०० किलोमीटरपर्यंत, ३०० ते १,२००, आणि त्यापुढं असे तीन विभाग होते. २०२५ मध्ये नियम दुरुस्त करून तीनचे दोन विभाग करण्याचं ठरलं.

तिसरा तुकडा शहरातल्या जाळ्याचा: रस्त्याखालचे पाइप, दाब कमी करणारी यंत्रणा, मीटर, माणसं आणि कंपनीचा नफा. चौथा तुकडा कराचा. नैसर्गिक वायू जीएसटीत नाही, त्यावर राज्याचा व्हॅट आहे. महाराष्ट्रानं तो १ एप्रिल २०२२ पासून १३.५ टक्क्यांवरून ३ टक्क्यांवर आणला.

आता पेन्सिल घ्या. बिल घनमीटरमध्ये येतं (त्यावर एससीएम लिहिलेलं असतं) आणि वरचे भाव एमएमबीटीयूमध्ये आहेत. एका एमएमबीटीयूत साधारण २५ ते २८ घनमीटर गॅस बसतो, आपण २६ धरू. डॉलर ८५ रुपयांचा धरला तर ६.७५ डॉलरचा गॅस घनमीटरला सुमारे २२ रुपये पडतो. ७३.९३ रुपयांचं वाहिनीभाडं घनमीटरला पावणेतीन रुपयांच्या थोडं वर जातं. म्हणजे महिन्याला १५ घनमीटर जाळणाऱ्या घराच्या बिलात मुख्य वाहिनीचा वाटा चाळीस-बेचाळीस रुपयांचा. समजा तुम्ही दिल्लीपर्यंत लढलात आणि ते भाडं १० टक्क्यांनी उतरवलंत. घराला महिन्याचे चार रुपये वाचले. हेच गणित रोज १,००० घनमीटर गॅस वापरणाऱ्या कारखान्याला लावा: महिन्याला साडेआठ हजारांच्या आसपास, वर्षाला लाखभर. म्हणून वाहिनीच्या भाड्याची लढाई एकट्या घरमालकानं अंगावर घेऊ नये असं माझं स्पष्ट मत आहे. ती उद्योजकांच्या संघटनेनं किंवा ग्राहक संघटनेनं लढवावी. तिथं खर्च वाटला जातो आणि कागद सांभाळणारं माणूस टिकतं.

हे गणित न करता आलेले लोक मी पाहिले आहेत. पोटतिडकीनं येतात, त्यांचा राग खरा असतो, पण तो नेमका कुणावर हे त्यांना सांगता येत नाही. कागदावर चार रकाने आखल्यावर अर्ध्या तासात ते दिसायला लागतं.

दुसरी पायरी: ठरवलं कुणी आणि कोणत्या अधिकारानं?

इथं थोडं थांबावं लागेल, कारण या विषयातला सर्वांत महत्त्वाचा निकाल याच प्रश्नावर आहे.

नियामक मंडळ २००६ च्या कायद्यानं आलं. ९ एप्रिल २०१२ रोजी मंडळानं दिल्लीत गॅस पुरवणाऱ्या इंद्रप्रस्थ गॅस लिमिटेडबाबत आदेश काढला. शहरातल्या जाळ्याचा दर एमएमबीटीयूला १०४.०५ रुपयांवरून ३८.५८ रुपये, आणि सीएनजीसाठी गॅस दाबून भरण्याचा आकार किलोला ६.६६ वरून २.७५ रुपये. तोही मागच्या तारखेपासून, एप्रिल २००८ पासून. ग्राहकाच्या बाजूनं पाहिलं तर याहून चांगला आदेश कोणता असणार? कंपनी दिल्ली उच्च न्यायालयात गेली आणि १ जून २०१२ रोजी आदेश रद्द झाला. मंडळ सर्वोच्च न्यायालयात गेलं. १ जुलै २०१५ रोजी तिथंही मंडळ हरलं.

३८.५८ हा आकडा चुकीचा आहे, असं न्यायालयानं म्हटलं नाही. त्यानं २००६ चा कायदा उघडला. कलम २२ मंडळाला वाहतुकीचे दर ठरवायला सांगतं. कलम ११ मंडळाची कामं सांगतं: विक्रीचे कमाल दर ग्राहकाला दिसतील असे लावले जातात का ते पाहणं, भावांवर लक्ष ठेवणं, स्पर्धा मारणारे व्यवहार रोखणं. स्वतःच्या जाळ्यातून स्वतःचाच गॅस विकणाऱ्या कंपनीचा विक्रीदर किंवा त्यातला एखादा भाग ठरवण्याचा अधिकार संसदेनं या कायद्यात लिहिलेलाच नाही. कायद्यात नसलेला अधिकार मंडळाला स्वतःच्या नियमावलीत लिहून घेता येत नाही. विषय तिथं संपला.

हा निकाल वाचताना मला दर वेळी दोन गोष्टी वाटतात. संसदेनं दिला नसलेला अधिकार न्यायालयानंही देऊ नये हे तत्त्व मला पटतं. उद्या तेच तत्त्व ग्राहकाला वाचवेल, एफआरपीच्या निकालात शेतकऱ्याला वाचवलं तसं. पण त्याच वेळी हेही खरं की एका भौगोलिक क्षेत्रात एकाच कंपनीचे पाइप असतात आणि आपल्या स्वयंपाकघरातल्या गॅसच्या विक्रीदरावर सुनावणी घेणारं कुणी नाही. ही उणीव कायद्यातली आहे. ती न्यायालयात भरून निघणार नाही. त्यासाठी कायदादुरुस्ती लागेल, आणि तो मुद्दा खासदाराकडे न्यायचा आहे.

म्हणून नव्या माणसानं पक्कं लक्षात ठेवायचं: ‘नियामक मंडळानं आमचा घरगुती गॅसचा दर कमी करावा’ अशी मागणी घेऊन गेलात तर २०१५ चा निकाल पहिल्याच तारखेला समोर येईल. वाहिनीच्या भाड्याबद्दल गेलात तर येणार नाही, कारण तिथं मंडळाचा अधिकार कायद्यातच लिहिलेला आहे.

कायदेमंडळाचा प्रश्न निघाला म्हणून एक जुना निकालही सांगतो. गुजरात विधानसभेनं २००१ मध्ये गॅसवर स्वतःचा कायदा केला होता. २५ मार्च २००४ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं सांगितलं की नैसर्गिक वायू, द्रवरूपातलाही, हा केंद्राच्या सूचीतला विषय आहे आणि राज्याला त्यावर कायदा करता येत नाही. तेव्हा मुंबईत मंत्रालयासमोर बसून गॅसचा मूळ दर उतरणार नाही. व्हॅट उतरू शकतो आणि तो उतरलाही.

तिसरी पायरी: हातातला कागद ओळखा

कागद तीन प्रकारचे असतात आणि प्रत्येकाची वाट निराळी. विनियम असेल, म्हणजे सगळ्यांना लागू होणारा, राजपत्रात छापलेला नियम, तर तो कायद्याच्या चौकटीबाहेर आहे असं फक्त उच्च न्यायालयात किंवा सर्वोच्च न्यायालयात म्हणता येतं. हे १५ मार्च २०१० रोजी पीटीसी इंडियाच्या खटल्यात घटनापीठानं विजेच्या संदर्भात ठरवलं: विद्युत अपिलीय न्यायाधिकरण विनियमाचा अर्थ लावू शकतं, विनियम रद्द करू शकत नाही. गॅसची अपिलंही त्याच न्यायाधिकरणाकडे जातात, म्हणून हा धडा इथंही लागू पडतो.

आदेश असेल, म्हणजे अमुक वाहिनीचा अमुक दर असा एका विशिष्ट बाबतीतला निर्णय, तर कलम ३३ खाली विद्युत अपिलीय न्यायाधिकरणात अपील. वकील त्याला ॲप्टेल म्हणतात. गॅसचं अपील विजेच्या न्यायाधिकरणात कसं, असं नवा माणूस हमखास विचारतो. २००६ च्या कायद्यानंच ती जबाबदारी त्याच्यावर टाकली आहे.

आणि करार किंवा बिल असेल, तर तो नियामकाचा निर्णयच नव्हे. कारखान्याचा गॅस बहुतेक वेळा कराराच्या सूत्रानं येतो. त्या सूत्रात आयात गॅसचा भाव, डॉलरचा दर आणि किमान उचल या तीन जागा आधी वाचा. वाद तिथंच असतो, आणि तो करारात लिहिलेल्या लवादाच्या कलमानं सुटतो.

दिल्लीच्या कंपनीनं २०१२ मध्ये आदेशाविरुद्ध थेट उच्च न्यायालय गाठलं, मग आम्हीही जाऊ, असं नवे वकील म्हणतात. त्यांनी आदेशाच्या मागच्या विनियमालाच आव्हान दिलं होतं, हा फरक. तुमचं म्हणणं फक्त ‘आकडेमोड चुकली’ एवढंच असेल तर उच्च न्यायालय सांगेल की अपिलाची सोय आहे, तिकडे जा. याला अपवाद आहेत: मूलभूत हक्कांवर घाला, बाजू न ऐकता दिलेला निर्णय, अधिकारच नसताना दिलेला आदेश, किंवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान. व्हर्लपूलच्या १९९८ च्या निकालात ही यादी आहे. तुमचं प्रकरण यांतल्या कशात बसतं ते याचिकेच्या पहिल्या दोन पानांत लिहा. सतराव्या पानावर लिहून उपयोग नाही.

चौथी पायरी: दार आणि दिवस

एखाद्या ग्राहकाची चुकीच्या बिलाची, मीटरची किंवा परत न मिळालेल्या अनामतीची तक्रार असेल, तर जिल्हा ग्राहक आयोग. ती कोल्हापुरातच होते, वकील सक्तीचा नाही आणि मुदत दोन वर्षांची आहे. अशी वैयक्तिक तक्रार नियामक मंडळ स्वतः घेत नाही, कायद्यानंच ती ग्राहक आयोगाकडे सोडली आहे. कारखान्यासाठी गॅस घेणाऱ्याला हे दार सहसा बंद असतं, कारण व्यापारी कामासाठी घेणारा ग्राहक या व्याख्येत बसत नाही.

कंपनी स्पर्धा रोखते आहे, वाहिनी वापरू देत नाही, असा मुद्दा असेल तर कलम २५ खाली मंडळाकडे तक्रार. मुदत ६० दिवस, घटना घडल्यापासून. हा दिवस बहुतेकांचा चुकतो. पत्रव्यवहार करण्यात, कंपनीचं उत्तर येईल म्हणून थांबण्यात तीन महिने जातात. उशीर माफ करण्याची तरतूद आहे, पण त्यावर विसंबून घरी बसू नका.

मंडळाच्या आदेशावर ॲप्टेलमध्ये अपील ३० दिवसांत, आदेशाची प्रत मिळाल्यापासून. ‘नाराज झालेली कोणतीही व्यक्ती’ अपील करू शकते, पण तुमचं नेमकं काय नुकसान झालं ते आकड्यांत दाखवावं लागतं. पहिल्या पायरीवरचं गणित इथं कामाला येतं. ॲप्टेलच्या निर्णयावर ९० दिवसांत सर्वोच्च न्यायालय, पण फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर. म्हणजे पुराव्याची, हिशेबाची, तज्ज्ञांच्या अहवालाची सगळी लढाई ॲप्टेलपर्यंतच संपवायची असते. दिल्लीत वर गेल्यावर नवा तक्ता दाखवता येत नाही.

दिवाणी न्यायालयात जाऊ नका. मंडळाच्या अखत्यारीतल्या बाबींत त्याला अधिकार नाही, असं कायदा सांगतो. मनाई हुकमासाठी तिकडे धावून दोन महिने घालवले, तर तेवढ्यात अपिलाचे ३० दिवस निघून गेलेले असतात.

राहिलं उच्च न्यायालय. इथं कोल्हापूरकरांसाठी परिस्थिती खरोखर बदलली आहे. चार दशकांहून अधिक काळ इथल्या वकिलांनी आणि नागरिकांनी खंडपीठासाठी आंदोलन केलं. १७ ऑगस्ट २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या हस्ते मुंबई उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचचं उद्घाटन झालं आणि दुसऱ्या दिवशी कामकाज सुरू झालं. सीपीआर रुग्णालयासमोरच्या जुन्या न्यायालयाच्या इमारतीत आता कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांची प्रकरणं चालतात. दाभोळही रत्नागिरी जिल्ह्यातलंच.

मंडळ दिल्लीत बसतं, मग याचिका कोल्हापुरात कशी, ही शंका रास्त आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ मध्ये त्याचं उत्तर आहे: वादाचं कारण पूर्णतः किंवा अंशतः जिथं घडलं, त्या भागातलं उच्च न्यायालयही दाद देऊ शकतं, सरकारी कार्यालय कुठंही असो. गॅस इथं घेतला, भाडं इथल्या बिलात भरलं, हे परिच्छेद करून तारखांसह लिहा आणि बिलांच्या प्रती जोडा. समोरचा पक्ष दिल्ली उच्च न्यायालयाकडे बोट दाखवेल, तेव्हा तेच परिच्छेद वाचून दाखवायचे असतात.

पाचवी पायरी: न्यायालय काय तपासतं

इथं सुद्धा साखर आडवी येते. १९९० साली सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठानं श्री सीताराम शुगर कंपनीच्या खटल्यात लेव्ही साखरेच्या, म्हणजे कारखान्यांनी सरकारला ठरलेल्या भावानं द्यायच्या साखरेच्या, भावाचा प्रश्न सोडवला. सरकारनं देशाचे विभाग पाडून विभागवार सरासरी खर्चावर भाव ठरवले होते. ज्या कारखान्यांचा खर्च सरासरीपेक्षा जास्त, ते म्हणाले आमच्यावर अन्याय. न्यायालयानं सांगितलं की भाव ठरवणं हे न्यायालयाचं काम नव्हे. निर्णयाला विवेकी आधार दिसला की न्यायालयाची तपासणी थांबते. एखाद्याचा तोटा झाला एवढ्यानं पद्धत मनमानी ठरत नाही. गॅस वाहिन्यांच्या एकसंध दराचं तत्त्वही असंच सरासरीचं आहे: जवळच्यानं थोडं जास्त द्यायचं, लांबच्यानं थोडं कमी. तेव्हा ‘आम्ही दाभोळच्या जवळ असून आम्हाला सरासरी का’ एवढाच मुद्दा असेल, तर सीताराम शुगर आधी वाचा आणि मग ठरवा.

त्याआधी १९८७ मध्ये सायनामाइड इंडियाच्या औषधदरांच्या खटल्यात न्यायालयानं म्हटलं होतं की सर्वांसाठी भाव ठरवणं हे सहसा कायदा करण्यासारखं काम आहे, त्यात प्रत्येकाला बोलावून ऐकण्याची गरज नसते. कायद्यानंच सुनावणी सांगितली असेल तर गोष्ट वेगळी. आणि ती वेगळी गोष्ट २००२ मध्ये घडली. कलकत्त्याच्या वीजदरांच्या खटल्यात कलकत्ता उच्च न्यायालयानं ग्राहकांना सुनावणीचा हक्क नाही म्हटलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं ते फिरवलं: वीज कायद्यानं ग्राहकांना हक्क दिला आहे, फार तर आयोगानं सुनावणीची रीत ठरवावी. आपला कायदा काय सांगतो ते शब्द न् शब्द वाचायला हवं, ते याचसाठी.

२००६ च्या कायद्याचं कलम २२ वहीत उतरून घ्या. दर ठरवताना मंडळानं कशाकशाचा विचार करायचा ते तिथं लिहिलं आहे: स्पर्धा, कार्यक्षमता आणि साधनांचा काटकसरीनं वापर, ग्राहकाचं हित आणि त्याच वेळी वाहतुकीच्या खर्चाची वाजवी वसुली, कार्यक्षमतेला बक्षीस, कॉम्प्रेसर, मीटर, साठवण अशी जोडलेली यंत्रणा, संदर्भ दराशी तुलना, केंद्राचं धोरण. यातली एक जरी गोष्ट आदेशात नावालाही तपासलेली नसेल, तर तो तुमचा पक्का मुद्दा. ‘दर परवडत नाही’ यापेक्षा ‘कलम २२ मधल्या अमुक घटकाचा आदेशात उल्लेख नाही’ या वाक्यानं न्यायाधीश पान उलटून पाहतात.

आकड्यांतही बघण्यासारखी जागा असते. २००८ च्या दरविनियमांत वाहिनीवर करोत्तर १२ टक्के परतावा धरून, पुढच्या वर्षांची आवकजावक आजच्या किमतीला आणून, दर काढण्याची पद्धत आहे. सूत्र साधं आहे: वर खर्च आणि परतावा, खाली वाहून नेलेला गॅस. खालचा आकडा लहान धरला की दर फुगतो. वाहिनी निम्मी रिकामी चालत असेल तर त्या रिकाम्या जागेचा भार कुणावर, हा खरा वादाचा प्रश्न. पण तो तज्ज्ञाचा प्रश्न असल्यानं तो ॲप्टेलमध्येच मांडावा. रिट याचिकेत तक्त्यांची भेंडोळी जोडली की न्यायालय लगेच म्हणतं, हे तज्ज्ञ मंडळाचं काम आहे.

पारदर्शकता हा अलीकडे वजन आलेला मुद्दा. ११ मे २०१६ रोजी सर्वोच्च न्यायालयानं दूरसंचार नियामक ट्रायचा कॉल ड्रॉप विनियम रद्द केला. प्रत्येक तुटलेल्या कॉलला एक रुपया, दिवसाला जास्तीत जास्त तीन, असा तो होता. तो मनमानी ठरला, आणि कंपन्यांच्या हरकतींना सकारण उत्तर दिलं नव्हतं हेही न्यायालयानं पाहिलं. त्या वेळी फायदा कंपन्यांना झाला, पण हा मुद्दा ग्राहकालाही तितकाच वापरता येतो.

अमेरिकेत हाच प्रश्न फार आधी आला. १९४२ मध्ये तिथल्या संघीय वीज आयोगानं होप नॅचरल गॅस या कंपनीला दर वर्षाला सुमारे ३६ लाख डॉलरनं उतरवायला सांगितलं. १९४४ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयानं आयोगाची बाजू उचलून धरली: कोणतं सूत्र वापरलं हे महत्त्वाचं नाही, शेवटी आलेला दर न्याय्य आणि वाजवी आहे का ते पाहायचं. आपल्या न्यायालयावर तो बंधनकारक नाही. तिथं आयोगाला गॅसचा दर ठरवायचा अधिकार कायद्यानं दिलेला होता, इथं घरगुती विक्रीदराबाबत तो नाही, हा फरक विसरून तो निकाल उद्धृत करणारे वकील अडचणीत येतात.

सहावी पायरी: कागद आधी, याचिका नंतर

नवा दर किंवा विनियम आणण्याआधी मंडळ मसुदा संकेतस्थळावर टाकून हरकती मागवतं. तेव्हा दोन पानांची का होईना, हरकत पाठवा. मराठीतून विचार करून, नीट आकडे घालून, आणि सोबत इंग्रजी प्रत. ई-मेलची पोच जपून ठेवा. पुढं ‘आम्ही हा मुद्दा मांडला होता, आदेशात त्याला उत्तर नाही’ असं म्हणायला हीच पोच लागते. मसुद्याच्या वेळी गप्प बसून नंतर याचिका करणाऱ्याकडे न्यायालय ‘तेव्हा कुठं होतात’ अशा नजरेनं पाहतं, आणि मला ते अन्याय्य वाटत नाही.

माहितीच्या अधिकारात हरकतींचा गोषवारा, टिपणी आणि बैठकीचं इतिवृत्त मागवा. शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. व्यापारी गुपित म्हणून काही आकडे नाकारले जातील. नकाराचं पत्रही फाइलला लावा. माहिती येईपर्यंत अपिलाची मुदत थांबत नाही, म्हणून दोन्ही एकदमच सुरू करा.

बिल भरणं थांबवू नका. ‘हरकत राखून भरत आहे’ असं पत्र देऊन भरा. जोडणी तुटली की मूळ वाद बाजूला पडतो आणि जोडणीचा नवा वाद उभा राहतो.

मागणी लिहिताना हात आवरता घ्या. ‘दर २५ रुपये करावा’ ही मागणी न्यायालय देऊ शकत नाही. ‘अमुक तारखेचा आदेश रद्द करून, कलम २२ चे घटक आणि आमची १२ तारखेची हरकत विचारात घेऊन, ठरावीक मुदतीत मंडळानं नव्यानं निर्णय द्यावा’ ही देऊ शकतं. जिंकलात तर बहुतेक वेळा हेच मिळतं: प्रकरण परत मंडळाकडे. मुदतीचा आकडा मागणीत लिहिला नसेल तर परत गेलेलं प्रकरण वर्षानुवर्षं पडून राहतं, म्हणून तो लिहाच. आणि प्रकरण परत गेलं की नवी जाहीर सूचना निघते, पुन्हा हरकती मागवल्या जातात. त्या दिवशी जुन्या फाइलमधलं पहिल्या पायरीवरचं चार रकान्यांचं गणित काढायचं, त्यात चालू महिन्याचे आकडे भरायचे आणि पुन्हा पाठवायचं.